रान आपले, तार त्यांची : खासगी जमिनीतून वाहिन्या नेण्याचा कायदा

शेतात वीज कंपनीचा खांब किंवा डीपी असेल तर महिन्याला दोन ते पाच हजार रुपये भाडे मिळते, वीज कायद्याच्या कलम ५७ मध्ये तशी तरतूद आहे आणि फक्त अर्ज करायची खोटी आहे, असा एक संदेश गेली काही वर्षे शेतकऱ्यांच्या व्हॉट्सअॅप गटांवर फिरतो आहे. वीज अधिनियम, २००३ मधले कलम ५७ प्रत्यक्षात वेगळ्याच विषयाचे आहे. जोडणी देण्यात किंवा बिघाड दुरुस्त करण्यात कंपनीने ठरलेला सेवेचा दर्जा पाळला नाही, तर ग्राहकाला भरपाई मिळावी, एवढेच ते सांगते. शेतातल्या खांबाच्या मासिक भाड्याचा त्यात उल्लेख नाही.

या संदेशामुळे होणारे खरे नुकसान निराळेच आहे. नसलेल्या भाड्यामागे धावताना, कायद्याने खरोखर दिलेला आणि बहुधा कितीतरी मोठा असलेला भरपाईचा हक्क मागायचा राहून जातो. सोलापूर जिल्ह्यात हा प्रश्न घरोघरचा आहे. ३१ डिसेंबर २०१३ रोजी रायचूर ते सोलापूर ही ७६५ केव्हीची (किलोव्होल्ट, म्हणजे हजार व्होल्ट) वाहिनी सुरू झाली आणि दक्षिण भारताचे वीजजाळे उरलेल्या देशाशी जोडले गेले. दक्षिण सोलापूर तालुक्यात फताटेवाडीजवळ एनटीपीसीचा १,३२० मेगावॅटचा प्रकल्प आहे. उजनीहून शहराकडे शंभराहून अधिक किलोमीटरची जलवाहिनी येते आणि पाकणीच्या डेपोपर्यंत मुंबई-पुण्याकडून तेलवाहिनी आली आहे. या सगळ्या वाहिन्या कोणाच्या ना कोणाच्या गटातून गेलेल्या आहेत.

जमीन घेणे वेगळे, जमीन वापरणे वेगळे

धरण, रस्ता किंवा कारखाना यांसाठी सरकार जमीन घेते तेव्हा त्याला भूसंपादन म्हणतात. त्यात मालकी जाते आणि सातबाऱ्यावरचे नाव बदलते. वाहिनीसाठी मात्र बहुतेक वेळा मालकी घेतली जात नाही, फक्त वापर हक्क घेतला जातो. वापर हक्क म्हणजे दुसऱ्याच्या मालकीच्या जमिनीतून, तिच्या वरून किंवा खालून वाहिनी नेण्याचा, ती तिथे ठेवण्याचा आणि दुरुस्तीसाठी आत येण्याचा हक्क. शेजाऱ्याला आपल्या बांधावरून त्याच्या रानात जायची वहिवाट असते तेव्हा बांध आपलाच राहतो, सारा आपल्याच नावावर निघतो, फक्त ती वाट अडवता येत नाही. त्यातलाच हा प्रकार.

भारतीय तार अधिनियम, १८८५ च्या कलम १० मध्ये हे स्पष्ट लिहिलेले आहे. तारा आणि खांब टाकणाऱ्या प्राधिकरणाला त्या जमिनीत वापराखेरीज दुसरा कोणताही हक्क मिळत नाही, त्याने शक्य तितके कमी नुकसान करावे आणि झालेल्या नुकसानीची पूर्ण भरपाई सर्व हितसंबंधित व्यक्तींना द्यावी, असे ते कलम म्हणते. यातले ‘सर्व हितसंबंधित’ हे शब्द महत्त्वाचे आहेत. रान वाट्याने दिलेले असेल आणि नुकसान उभ्या पिकाचे झाले असेल, तर मालकाबरोबर वाटेकऱ्याचाही त्या भरपाईवर हक्क लागतो. पंचनाम्याला मालक हजर, वाटेकरी गैरहजर, असे झाले की त्याचा वाटा तिथेच बुडण्याची शक्यता असते.

वापर हक्काचा मोबदला भूसंपादनापेक्षा कमी ठेवण्यामागचा तर्क असा, की जमीन तुमच्याकडेच राहते आणि तुम्ही ती कसू शकता. तर्क कागदावर बरोबर आहे. पण टॉवरच्या चार पायांमधल्या जागेत ट्रॅक्टर वळत नाही, औताला प्रत्येक फेरीत वळसा पडतो, आणि ज्या पट्ट्यात पुढे कधीही घर, विहीर किंवा फळबाग करता येणार नाही त्या पट्ट्याला गिऱ्हाईक तसा भाव देत नाही.

तारायंत्राचा कायदा विजेच्या टॉवरला कसा लागला?

वीज अधिनियमाच्या कलम १६४ नुसार योग्य ते सरकार लेखी आदेश काढून वीज वाहून नेणाऱ्या कंपनीला तार प्राधिकरणाचे अधिकार देऊ शकते. असा आदेश निघाला की १८८५ च्या कायद्यातली कलम १० पासूनची तरतूद त्या कंपनीच्या हाती येते. दूरसंचार अधिनियम, २०२३ ने जुना तार अधिनियम रद्द केला असला, तरी कलम १६४ खालील पारेषण (वीज दूरवर वाहून नेणाऱ्या) वाहिन्यांसाठी त्याचा तिसरा भाग चालूच ठेवला आहे. तारायंत्र इतिहासजमा झाले, त्याचा कायदा मात्र मंगळवेढ्याच्या ज्वारीच्या रानात अजून उभा आहे.

कलम १६४ चा आदेश नसेल तर चित्र बदलते. मग कलम ६७ आणि त्याखालचे नियम लागू होतात. केंद्राच्या २००६ च्या नियमांत मालकाची किंवा कब्जेदाराची पूर्वसंमती घ्यावी, आणि त्याने हरकत घेतल्यास जिल्हाधिकाऱ्यांची, पोलीस आयुक्तांची किंवा सरकारने अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी मिळवावी, अशी अट आहे. म्हणून रानात खुंट्या ठोकायला आणि दगडांवर तांबडे आकडे रंगवायला माणसे आली, की त्यांना पहिला प्रश्न हाच विचारावा : तुम्ही कोणत्या कायद्याखाली आला आहात, आणि कलम १६४ चा आदेश असेल तर त्याची प्रत कुठे आहे? उत्तर तोंडी मिळाले तर पत्र लिहून पुन्हा विचारावे.

‘जमीन माझी, मग माझी संमती का नको?’

हा आक्षेप सर्वांत आधी येतो आणि तो स्वाभाविक आहे. मालमत्तेचा हक्क १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने मूलभूत हक्कांच्या यादीतून निघाला. आता तो अनुच्छेद ३०० (क) मध्ये आहे. कायद्याच्या आधाराशिवाय कोणाचीही मालमत्ता हिरावता येणार नाही, असे तो अनुच्छेद सांगतो. याचा उलटा अर्थ असा, की कायद्याचा आधार असेल तर संमतीवाचून चालते. छत्तीसगडमध्ये चुनखडीच्या खाणपट्ट्यावरून वाहिनी गेल्याच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१६ मध्ये पॉवरग्रिड या केंद्र सरकारच्या पारेषण कंपनीच्या बाजूने निर्णय दिला आणि कलम १६४ चे अधिकार मिळालेल्या कंपनीला जमीनमालकाची पूर्वसंमती घ्यावी लागत नाही, हे स्पष्ट केले. त्या वादातला जमीनधारक एक मोठा उद्योगसमूह होता, तरी निकाल बदलला नाही.

मालकाने काम अडवले तर तार अधिनियमाच्या कलम १६ नुसार प्रकरण जिल्हा दंडाधिकारी म्हणून जिल्हाधिकाऱ्यांपुढे जाते आणि कंपनीला काम करू द्यावे असा आदेश ते देऊ शकतात. त्या आदेशानंतरही अडवणूक केली तर तो गुन्हा ठरतो. म्हणजे ‘आमच्या रानात पाय ठेवू देणार नाही’ या भूमिकेवर कायद्याच्या दृष्टीने फार काळ उभे राहता येत नाही. मात्र जिल्हाधिकाऱ्यांपुढची सुनावणी ही निव्वळ औपचारिकता मानून गैरहजर राहणेही शहाणपणाचे नाही. आपल्या विहिरीची, बागेची, घराची आणि नियोजित बांधकामाची नोंद नकाशासह लेखी देण्याची ती जागा आहे, आणि पुढे भरपाईच्या वादात तोच कागद उपयोगी पडतो.

भरपाई नेमकी कशाची?

भरपाईचे तीन भाग वेगळे ठेवावेत. ते एकत्र केले की हिशेब चुकतो. पहिला भाग पिकांचा आणि झाडांचा. दुसरा टॉवरच्या पायाखाली अडकलेल्या जमिनीचा. तिसरा तारांखालच्या पट्ट्याचा, ज्याला मार्गिका म्हणतात.

पिकाचे नुकसान एकदाच होत नाही. पाया खोदताना, टॉवर उभा करताना आणि तार ओढताना अशी तीन वेगवेगळ्या वेळी माणसे आणि यंत्रे रानात येतात, आणि दर वेळी उभे पीक वेगळे असू शकते. म्हणून पंचनामाही दर वेळी नवा हवा. तो कागद हातात आला की गट नंबर, पिकाचे नाव, बाधित क्षेत्र, झाडांची संख्या आणि वय हे रकाने स्वतः वाचून मगच सही करावी. डाळिंबाच्या बाबतीत वयाचा रकाना सर्वांत महत्त्वाचा असतो. सांगोल्याकडच्या शेतकऱ्याला हे सांगायला नको, कारण दोन वर्षांचे झाड आणि बहर धरणारे सहा वर्षांचे झाड यांच्या किमतीत जमीन-अस्मानाचा फरक आहे. रिकाम्या रकान्यांच्या पंचनाम्यावर सही करू नये. ठिबकच्या नळ्या, फुटलेला पाट, ढासळलेला बांध हेही नुकसानच आहे आणि तेही लिहून घ्यावे.

जमिनीच्या मोबदल्याबाबत केंद्रीय ऊर्जा मंत्रालयाने १५ ऑक्टोबर २०१५ रोजी मार्गदर्शक सूचना काढल्या. त्यांत टॉवरच्या पायाखालील जमिनीसाठी मूल्याच्या ८५ टक्के आणि मार्गिकेसाठी जास्तीत जास्त १५ टक्के असे प्रमाण होते. १४ जून २०२४ च्या सूचनांनी हे प्रमाण अनुक्रमे २०० टक्के आणि ३० टक्के केले आणि पायाचे क्षेत्र मोजताना प्रत्येक बाजूला एक मीटर जादा धरायला सांगितले. मार्च २०२५ मध्ये शहरी भागातल्या मार्गिकेसाठी त्याहून वरचे दर आले. या सूचना राज्ये पूर्णतः किंवा अंशतः स्वीकारतात आणि त्याप्रमाणे शासन निर्णय काढतात. त्यामुळे आपल्या वाहिनीला कोणत्या तारखेचा शासन निर्णय लागू आहे, हे प्रांत कार्यालयात लेखी विचारून घ्यावे.

आकड्यांत बोलायचे तर असे. मार्गिकेची रुंदी वाहिनीच्या दाबावर ठरते : १३२ केव्हीला २७ मीटर, २२० केव्हीला ३५, ४०० केव्हीला ४६ आणि दुपदरी ७६५ केव्हीला ६७ मीटर. समजा ७६५ केव्हीची तार तुमच्या गटावरून १०० मीटर जाते. बाधित पट्टा ६,७०० चौरस मीटर झाला, म्हणजे सुमारे ६६ गुंठे, एक एकर २६ गुंठे. जमिनीचे मूल्य एकरी १० लाख धरले तर या पट्ट्याची किंमत साडेसोळा लाखांच्या आसपास येते. जुन्या १५ टक्क्यांनी सुमारे अडीच लाख रुपये, नव्या ३० टक्क्यांनी सुमारे पाच लाख. आता टॉवर पाहा. पाया १५ मीटर बाय १५ मीटरचा असेल तर जुन्या पद्धतीने २२५ चौरस मीटरचे ८५ टक्के म्हणजे सुमारे ४७ हजार रुपये होतात. नव्या पद्धतीने १७ बाय १७ म्हणजे २८९ चौरस मीटरचे २०० टक्के, सुमारे १ लाख ४३ हजार. लोक टॉवरवरून भांडतात, कारण तो डोळ्यांना दिसतो. मोठी रक्कम मात्र न दिसणाऱ्या पट्ट्यात असते आणि ती मागायचीच राहून जाते.

या गणितातला खरा वाद ‘एकरी १० लाख’ या आकड्यावर होतो. रेडीरेकनरचा, म्हणजे मुद्रांक शुल्कासाठी सरकारने ठरवलेला दर आणि प्रत्यक्ष व्यवहाराचा दर यांत मोठे अंतर असते. बाजारभाव सरकारी दरापेक्षा जास्त असेल तर तो धरण्याची वाट २०२४ च्या सूचनांत ठेवलेली आहे, पण त्यासाठी जवळच्या गटांची नोंदणीकृत खरेदीखते दाखवावी लागतात. खरेदीखतात किंमत कमी दाखवण्याची आपली जुनी सवय इथे आपल्याच अंगावर येते.

रक्कम अपुरी वाटली तर

तार अधिनियमाच्या कलम १६ (३) नुसार भरपाईच्या पुरेपणाचा वाद जिल्हा न्यायाधीशांपुढे जातो. तलाठी, तहसीलदार किंवा कंपनीचा साइट इंजिनिअर हा वाद मिटवू शकत नाही. भाऊबंदांत वाटणीचा तंटा असेल तर कंपनी रक्कम न्यायालयात भरू शकते आणि कोणाला किती हेही तिथेच ठरते. जिल्हा न्यायाधीशांचा निर्णय कायद्याने अंतिम मानला आहे. नियमित अपील नाही, उच्च न्यायालयाचा रिट अधिकार तेवढा उरतो. त्यामुळे पुरावा पहिल्याच पायरीवर पूर्ण द्यावा लागतो.

मुदतीचे भान ठेवावे. केरळमधल्या झाडतोडीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७६ मध्ये अशा अर्जाला मुदत अधिनियमाचे अनुच्छेद १३७ लागू केले, म्हणजे तीन वर्षांची मुदत. ‘साहेब देतो म्हणाले आहेत’ या भरवशावर चौथे वर्ष उजाडले तर हक्काचा दावाच उरत नाही. केरळच्याच दुसऱ्या प्रकरणात, २००७ मध्ये, न्यायालयाने भरपाईचा एकच साचा सर्वत्र लावण्यास नकार दिला : जमीन कुठे आहे, तार कडेने गेली की मधोमध, किती लांबीची आहे, जमिनीचे मूल्य किती घटले, हे सगळे पाहावे. तार गटाच्या कोपऱ्यावरून जाणे आणि मधोमध जाऊन दोन तुकडे करणे यांची भरपाई सारखी असू शकत नाही, हे सांगायला या निकालाचा आधार आहे.

वाहिनी वळवता येत नाही का?

मार्ग आखणीच्या टप्प्यावर वळवता येते, पाया भरल्यावर क्वचितच. हरकत घ्यायची तर सर्वेक्षणाच्या वेळी आणि ठोस कारणासह घ्यावी. मळ्यातले राहते घर, जुनी विहीर किंवा नान्नजकडे असते तशी लोखंडी मांडवावरची द्राक्षबाग ही कारणे ऐकली जाण्यासारखी आहेत. मांडवाच्या लांबलचक तारांत उच्च दाबाच्या वाहिनीमुळे वीजभार उतरू शकतो आणि त्यांना अर्थिंग द्यावे लागते, हा तांत्रिक मुद्दा आहे, तक्रारीचा सूर नाही. ‘सगळे भूमिगत करा’ ही मागणी ऐकायला सोपी आहे, पण उच्च दाबाच्या भूमिगत केबलचा खर्च कित्येक पट असतो आणि तिच्या चरावरही बांधकाम करता येत नाहीच.

तार अधिनियमाच्या कलम १७ मध्ये एक कमी माहीत असलेली तरतूद आहे. वाहिनी गेल्यानंतर मालकाला त्या जमिनीचा असा काही वापर करायचा असेल, की त्यासाठी वाहिनी हलवणे आवश्यक ठरेल, तर तो तशी मागणी करू शकतो आणि नकार मिळाल्यास जिल्हाधिकाऱ्यांकडे जाऊ शकतो. आधी भरपाई घेतलेली असेल तर हलवण्याचा खर्च किंवा घेतलेल्या भरपाईच्या निम्मी रक्कम, यांतली जी कमी असेल ती त्याने देऊ करावी लागते. मोठा टॉवर या मार्गाने हलेल अशी आशा धरू नये. छोट्या वाहिनीच्या बाबतीत मात्र अर्ज करून पाहण्यासारखा आहे.

जमिनीखालून जाणारी नळी

तेल आणि वायूच्या वाहिन्यांसाठी १९६२ चा स्वतंत्र कायदा आहे. त्यात आधी राजपत्रात हेतू जाहीर होतो, मग हितसंबंधिताला २१ दिवसांत हरकत घेता येते, आणि त्यानंतर वापर हक्क सरकारकडे किंवा वाहिनीच्या कंपनीकडे जातो. हे २१ दिवस बहुतेकांच्या हातून जातात, कारण राजपत्र कोणी वाचत नाही. म्हणून चावडीवर आणि ग्रामपंचायतीच्या फलकावर लागलेली नोटीस वाचावी. नुकसानभरपाईखेरीज अधिसूचनेच्या तारखेच्या बाजारमूल्याच्या १० टक्के रक्कम वापर हक्कासाठी मिळते. पट्ट्यात ज्वारी किंवा हरभरा पूर्वीसारखा घेता येतो. घर, विहीर, शेततळे आणि झाडे मात्र बंद. १० टक्क्यांत विहिरीची जागा कायमची द्यायची, हा सौदा पाणी लागण्याच्या जागा मोजक्याच असलेल्या आपल्या जिल्ह्यात मला महाग वाटतो. इतर भूमिगत नळमार्गांसाठी महाराष्ट्राने २०१८ मध्ये याच धर्तीवर स्वतःचा कायदा केला आहे.

आणि शेजाऱ्याची पाईपलाईन?

सर्वांत कडू भांडणे कंपनीशी होत नाहीत, बांधाला बांध लागून असलेल्या माणसाशी होतात. एकाची विहीर नदीकाठी किंवा कॅनॉललगत, रान दोन गट पलीकडे, आणि मधला म्हणतो, ‘माझ्या उसातून नळी नको.’ यासाठी महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचे कलम ४९ आहे. ज्याचा पाण्यावर हक्क आहे पण पाणी शेतात न्यायला दुसऱ्याची जमीन ओलांडावी लागते, तो तहसीलदारांकडे अर्ज करू शकतो. तहसीलदार दोन्ही बाजू ऐकून परवानगीचा आदेश देतात, पण अटींसह : कमीत कमी नुकसान होईल असा मार्ग, नळी जमिनीखालून असेल तर किमान अर्धा मीटर खोल, उघडा पाट असेल तर रुंदी दीड मीटरच्या आत, नुकसानीची भरपाई, आणि देखभाल अर्जदाराकडे.

यावरचा नेहमीचा आक्षेप म्हणजे ‘आज नळी, उद्या रस्ता आणि परवा मालकी’. तसे होत नाही. कलम ४९ चा आदेश पाण्यापुरताच असतो. खरा धोका तोंडी संमतीत आहे. भाऊ म्हणून, सोयरा म्हणून नळी टाकू दिली, कागद केला नाही, आणि पुढच्या पिढीत एकाने ती उखडली. दुसरा म्हणतो आमची २० वर्षांची वहिवाट आहे, आणि सुविधाधिकार अधिनियम, १८८२ नुसार २० वर्षांच्या अखंड, उघड आणि हक्क म्हणून केलेल्या वापराने हक्क मिळू शकतो हे खरे. पण परवानगीने केलेला वापर ‘हक्क म्हणून’ मानला जात नाही, आणि तोंडी परवानगी होती की नव्हती यावरच दिवाणी न्यायालयात वर्षे जातात. चालू पाट किंवा नळी कोणी नुकतीच अडवली असेल, तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली सहा महिन्यांच्या आत तहसीलदारांकडे जाणे हा जलद मार्ग आहे.

शहरातल्या गच्चीवरून गेलेली तार

शहरात प्रश्न अंतराचा असतो. ११ केव्हीच्या तारेपासून इमारतीचे अंतर उभे ३.७ मीटर आणि आडवे १.२ मीटर असावे लागते. घरगुती दाबाच्या तारेसाठी उभे अडीच मीटर आणि आडवे १.२ मीटर. तार आधीपासून असेल आणि नंतर मजला चढवला असेल, तर ती हलवण्याचा खर्च घरमालकावर येतो. म्हणून आधी कोण आले हे दाखवणारा बांधकाम परवाना जपून ठेवावा.

खरेदी करताना सातबारा पुरत नाही

तेलवाहिनीचा वापर हक्क इतर हक्कांच्या रकान्यात नोंदलेला सापडू शकतो, विजेच्या तारांची मार्गिका मात्र सातबाऱ्यावर बहुधा दिसत नाही. प्लॉट पाडून विकणारे माळरानावरच्या तारेखाली रस्ता दाखवतात आणि कडेचे प्लॉट मार्गिकेत येतात. बिगरशेती नकाशावर ती रेघ आहे का, हे खरेदीआधी पाहावे. जुन्या मालकाने मार्गिकेची भरपाई उचललेली असेल तर ती तुम्हाला पुन्हा मिळणार नाही, आणि उचललेली नसेल तर ती कोणी मागायची, हे खरेदीखतातच लिहून घ्यावे.